उपास आणि उपासमार

टीव्हीवर आमच्यासारखी माणसं दोनच कामांसाठी यायची: मालिकेत भांडी घासायला आणि बातम्यांत रडायला. वडिलांच्या सातपूरच्या कंपनीला टाळं लागलं, त्या वर्षी आमच्या घरी दुसऱ्या कामासाठी कॅमेरा आला.

पाहुणे येणार म्हणून आई ठेवणीतली साडी नेसली होती. बातमीदार पोरगी म्हणाली, "काकू, रोजची एखादी जुनी नेसता का?" मग तिने ओट्यावरचा मिक्सर पलंगाखाली सारायला लावला. तो मीच सारला, बारावीतल्या शहाणीने. त्याची लाज अजून वाटते.

मग तिने विचारलं, "आज घरात काय शिजलं?"

"आज काहीच नाही," आई म्हणाली. "संकष्टी आहे ना. चंद्र उगवला की स्वयंपाक."

दुसऱ्या दिवशीच्या बातम्यांत आई एवढंच म्हणाली, "आज काहीच नाही." तिथेच कात्री. मग थंड शेगडी, रडकी बासरी आणि खाली पट्टी: कामगारांच्या घरात उपासमार.

सकाळच्या एसटीने कळवणची मावशी बाजरीची गोणी घेऊन दारात हजर. "घरात खायला नाय आन् मला सांगत नाय? लय मोठी झाली का गं तू?" आईने तिला भरलं ताट वाढलं, तरी तिचे डोळे थांबेनात. शेजारणीही वाट्या झाकून आणू लागल्या. त्यांची माया खरी होती. पण कंपनीच्या टाळेबंदीतही लोकांच्या पोळ्या लाटून जिने आम्हाला एकदाही उपाशी झोपू दिलं नाही, तिची गावभर कीव व्हावी? माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

आठवड्याने तीच पोरगी पुन्हा आली. कुणी पुढारी आमच्या दारात धान्य वाटणार होता, ते तिला टिपायचं होतं. या वेळी आईने साडी बदलली नाही, मिक्सरला हात लावू दिला नाही. माइक पुढे आल्यावर ती सावकाश म्हणाली, "उपास होता बाई, उपासमार नव्हती. उपास मी धरला, उपासमार तुम्ही जोडलीत. आम्हाला काम पाहिजे, पिशवी नको. आता काप यातलं काय कापतेस ते."

पोरगी ओशाळली. "काकू, हे चॅनेलवाले नाही लावणार."

"नको लावू देत. तू हातपाय धुऊन पानावर बस. कामगाराच्या घरून कुणी उपाशी गेलं, अशी खरी बातमी मी होऊ द्यायची नाही."