निझव्याला जाणारी माणसं

दार्सैतच्या आमच्या बिल्डिंगमध्ये एक गोष्ट सगळ्यांना ठाऊक आहे. जो निझव्याचा किल्ला बघायला जातो, तो लवकरच गाशा गुंडाळतो. नोकरी शाबूत असते तोवर माणूस सुट्टीच्या दिवशी देवळात जातो, रूवीतून भाजी आणतो, फार झालं तर मुलांना कुरुमच्या समुद्रावर नेतो. किल्ले काय, कुठे पळून जात नाहीत. मग एक दिवस कंपनीचं पत्र येतं आणि एकदम आठवतं, की इतकी वर्षं ओमानमध्ये काढली आणि पाहिलं काहीच नाही. गावी कुणी विचारलं तर सांगणार काय? लगेच छोटी बस ठरते, फोटो निघतात, खजूर येतात आणि पंधरा दिवसांत कार्गोवाला दारात उभा राहतो. म्हणून आमच्याकडे कुणी निझव्याहून आलं की ‘कसा आहे किल्ला’ असं कुणी विचारत नाही. ‘सामान कधी पाठवताय’ असंच विचारतात.

त्यामुळे दिवाळीनंतरच्या एका मंगळवारी, आमटी वाढून घेता घेता नवरा म्हणाला, “शनिवारी निझवा, बहला, जबरीन. चौदा सीटची बस सांगितलीये,” तेव्हा माझ्या हातातली वाटी तशीच राहिली.

हा माणूस अकरा वर्षांत मला जवळच्या मत्राहच्या किल्ल्यावरसुद्धा घेऊन गेला नव्हता. चिपळूणकडचा आहे, म्हणतो, दगड बघायला पेट्रोल कशाला जाळायचं. आणि आता एकदम तीन किल्ले? मी सरळ विचारलं, की ऑफिसात सगळं ठीक आहे ना. तो म्हणाला, “ठीक आहे की.” ‘की’ जरा लांबला. पाणी कुठेतरी मुरत होतं.

माझा स्वभाव संशयी आहे, हे मी स्वतःच सांगून टाकते. दूधवाल्यापासून देवळातल्या प्रसादापर्यंत मी सगळं एकदा हुंगून बघते. पण या वेळी कारण तसंच होतं. आमची मुलगी दहावीला होती. बोर्डाची परीक्षा तीन महिन्यांवर आलेली. अशात नवऱ्याची नोकरी गेली तर व्हिसा जाणार, घर जाणार आणि पोरगी अधांतरी राहणार. त्याच्या कंपनीत स्थानिक माणसं घेऊन जुन्यांना कमी करणं चालू आहे, हे मला माहीत होतं. चार रात्री मी डोक्यात हेच दळण दळत होते.

शनिवारी सकाळी सहाला बस आली. ड्रायव्हर राजापूरकडचा, पांढऱ्या दाढीचा, बोलायला गोड. आम्ही तिघं आणि समोरच्या दारातलं कुटुंबही तिघांचं. त्यांची मुलगी माझ्या मुलीच्याच वर्गात. तिची आई म्हणजे माझी इथली सगळ्यात जवळची मैत्रीण. अकरा वर्षं आमची दारं समोरासमोर, आणि दोन्हीकडच्या किल्ल्या एकमेकींकडे. पुढे अल खौदला एक जोडपं आणि त्यांचा लहान मुलगा चढला. ही मंडळी दोनच वर्षांपूर्वी आलेली. त्यांना कुणी बोलावलं, हे मला कळलं नाही आणि रुचलंही नाही.

बसमध्ये मी नवऱ्याशेजारी जागा धरली, पण तो मैत्रिणीच्या नवऱ्यापाशी मागे जाऊन बसला. दोघांची कुजबुज चालू झाली. मी मान वळवली की थांबायची. एकदा ‘डिसेंबर अखेर’ एवढं ऐकू आलं. एकदा मैत्रिणीचा नवरा म्हणाला, “खलास यार, आता विचार करून काय होणार,” आणि माझ्या नवऱ्याने त्याच्या खांद्यावर हात ठेवला. मी मनात अर्थ लावला, की माझा नवरा आपलं रडगाणं मित्राला सांगतोय, आणि मित्र त्याला समजावतोय. हात कुणाचा कुणाच्या खांद्यावर होता, हे मी पाहिलं होतं. पण त्याचा विचार केला नाही.

खौदची बाई मोठी उत्साही. दशम्या, शेंगदाण्याची चटणी, दही, सगळं डब्यात लावून आणलेलं. पहिला डबा तिने माझ्या मैत्रिणीच्या मुलीला दिला. मग तिला विचारायला लागली, की तुला कारलं चालतं का, सकाळी दूध घेतेस की चहा, झोपताना एसी किती लागतो. परक्याच्या मुलीची ही कसली उलटतपासणी? मी मैत्रिणीकडे पाहून भुवया उंचावल्या. ती खिडकीबाहेर बघत होती. डोंगरही तिथे मातीच्या रंगाचेच, इतकं बघण्यासारखं काही नव्हतं.

निझव्याचा किल्ला मात्र मला आवडला, हे कबूल करायला हवं. बुरुजावर जाणारा जिना अरुंद, आणि वळणावळणावर दार. प्रत्येक दाराच्या वर छतात एक फट. तिथल्या पहारेकऱ्याने चांगल्या हिंदीत समजावून सांगितलं, की शत्रू दारापाशी आला की वरून उकळता खजुराचा पाक ओतायचे. पायऱ्यांमध्ये खड्डे ठेवलेले, वर फळ्या टाकलेल्या. परका माणूस आत आला की फळी काढायची. मुली ‘सो क्रूल’ म्हणत फोटो काढत होत्या. मला ते बांधणारे लोक पटले. दार उघडायच्या आधी माणूस कोण आहे हे बघून घ्यावं, यात क्रूर काय?

खाली बाजारात नवऱ्याने तीन किलो खजूर घेतले. तीन किलो! घरात खाणारी माणसं तीन, त्यातल्या एकीला खजूर आवडत नाहीत. मैत्रिणीच्या नवऱ्यानेही घेतले, बहल्याला मातीची धूपदाणीही घेतली. मी त्याच्या खरेदीकडे लक्ष दिलं नाही. माझं लक्ष फक्त माझ्या घरच्या पिशवीवर.

बहल्याला, किल्ल्याच्या भिंतीच्या सावलीत जेवणं झाल्यावर, मला राहवेना. मैत्रिणीला बाजूला घेतलं आणि सांगून टाकलं, की मला वाटतं याची नोकरी गेलीये, हा मला सांगत नाहीये. आम्हाला जावं लागलं तर परीक्षेपर्यंत माझी मुलगी तुझ्याकडे राहील का?

ती माझ्याकडे बघतच राहिली. मग नजर काढून घेतली. म्हणाली, “असं काही नसेल गं. उगाच डोक्यात घेऊ नकोस.” हो नाही की नाही नाही. ती लगेच वळली. ताटं गोळा करायला निघून गेली.

मला ते फार लागलं. अकरा वर्षं मी या बाईच्या तापात पेज करून दिली, आणि माझ्या मुलीला अडीच महिने ठेवायचं म्हटल्यावर हिचं तोंड शिवलं? बस जबरीनकडे निघाली तेव्हा मी तिच्यापासून दोन सीट लांब बसले. आता नवऱ्याचा संशय होताच, त्यात मैत्रिणीचीही भर पडली. खौदची बाई तिच्या शेजारी जाऊन बसली आणि तिचा हात हातात घेऊन राहिली. हे कधी इतकं जुळलं?

जबरीन म्हणजे खरं तर किल्ला कमी आणि वाडा जास्त. छतांवर रंगवलेली फुलं, खिडक्यांतून झुळूक. वरच्या मजल्यावर एक दालन आहे. तिथला माणूस सांगत होता, की ज्या पाहुण्यांवर इमामाचा, म्हणजे तिथल्या राजाचा, भरवसा नसे त्यांना तो इथे भेटायचा, आणि फरशीखाली शिपाई लपलेले असायचे. बाकीचे सगळे गच्चीवर गेले. मी नवऱ्याला तिथेच अडवलं.

“तुला काढलंय ना? खरं सांग.”

तो आधी हसला. मग माझा चेहरा बघून हसायचा थांबला. म्हणाला, “मला नाही गं. त्याला काढलंय. महिना झाला. एकतीस डिसेंबर शेवटचा दिवस. त्यालाच किल्ले बघायचे होते, म्हणून मी बस ठरवली.”

मला काय वाटलं ते लपवून उपयोग नाही. मला आनंद झाला. छातीवरचा दगड उतरला आणि मी मोठा श्वास घेतला. आपण राहणार, आपली मुलगी परीक्षा देणार. तेवढा एक श्वास होईपर्यंत मला समोरच्या दाराची आठवणसुद्धा झाली नाही. मग झाली, आणि बहल्याच्या भिंतीपाशी मी कुणाला काय विचारलं होतं, तेही आठवलं. लाजेने कान गरम झाले.

“मला का नाही सांगितलंस?” मी विचारलं.

“त्याने सांगू नको म्हटलं होतं,” तो म्हणाला. “म्हणजे तिने.”

मैत्रीण गच्चीच्या कठड्यापाशी एकटी उभी होती. खाली खजुरीची बाग. मी जाऊन शेजारी उभी राहिले आणि म्हणाले, की मला आत्ता कळलं. तिने मान हलवली. डोळे कोरडे होते. रडणं महिन्यापूर्वीच उरकलं असणार. तिच्या सासूबाई सांगलीला अंथरुणाला खिळलेल्या, त्यामुळे नवऱ्याबरोबर तिलाही लगेच जावं लागणार होतं. मुलगी व्हिजिट व्हिसावर परीक्षेपर्यंत थांबणार होती.

“आमच्याकडे थांबेल,” मी म्हणाले. “यात विचारायचं काय? समोरच्या दारातून या दारात यायचं.”

“ती खौदला राहील. त्यांनी खोलीही रिकामी केलीये.”

“खौदला? अगं, ती माणसं तुला दोन वर्षांपासून ओळखतात.”

“दोन वर्षं,” ती म्हणाली. आवाजात राग नव्हता, हेच जास्त बोचलं. “त्यांना मी सांगितलं तर ती म्हणाली, मुलीला काय काय आवडतं ते लिहून दे. चौथ्या मजल्यावरच्यांची नोकरी गेली तेव्हा तू काय केलंस, आठवतंय? डबा नेलास, नाही म्हणत नाही. पण आधी तीन घरी जाऊन विचारून आलीस, काढलंय की यांनी सोडलीये, काढलं असेल तर काय भानगड केली. माझ्याकडे पण आलेलीस. मला माझ्या नवऱ्याचं तसं नको होतं.”

मी म्हणाले, की तुझ्या बाबतीत मी असं केलं नसतं. ती एवढंच म्हणाली, की तू दुपारी विचारलंस ना, तेव्हा माझ्या तोंडून ‘ठेव की’ एवढं पटकन निघायला हवं होतं. घरच उरलं नाही म्हणून निघालं नाही. मग ड्रायव्हरने खालून यल्ला यल्ला, चला आता, म्हणून हाका मारल्या, आणि आम्ही जिना उतरलो. तो अंधारा होता. तिने सवयीने माझा हात धरला आणि खाली उजेडात आल्यावर सोडला.

परतीच्या वाटेवर बसमध्ये सगळे दमून गप्प होते. तीन किलो खजुरांचा उलगडा झाला. ते त्यांच्याबरोबर सांगलीला द्यायचे होते. दोघी मुली सकाळपासून एका सीटवर होत्या, आता मैत्रिणीची मुलगी खौदच्या छोट्याला मांडीवर घेऊन झोपली होती, आणि माझी माझ्या शेजारी येऊन बसली. मी हळू आवाजात तिला म्हणाले, की एक वाईट बातमी आहे, तू मनाला लावून घेऊ नकोस.

“आई, आय नो,” ती म्हणाली. “मला माहीत होतं. दिवाळीच्या आधीपासून.”

म्हणजे या बसमध्ये सगळ्यांना ठाऊक होतं. नवऱ्याला, खौदवाल्यांना, माझ्या पोटच्या पोरीला. ड्रायव्हरलासुद्धा बहुतेक, सकाळी तो मैत्रिणीच्या नवऱ्याला म्हणाला होता, की आज सावकाश बघा, घाई नको. माझ्यापासूनच सगळ्यांनी राखून ठेवलं होतं.

“मग मला का नाही सांगितलंस?”

तिने एका कानातला इअरफोन काढला. तिला मराठीत वाक्य जुळवायला वेळ लागतो. ती जुळवत होती.

“तू आधी सॅड झाली नसतीस,” ती म्हणाली. “तू आधी विचारलं असतंस, की तुला हे कोणी सांगितलं.”

मी तोंड उघडलं होतं ते नेमकं तेच विचारायला.