सात खिडक्यांचे स्टेशन मास्तर

पूर्णा जंक्शनवर आजवर पुष्कळ स्टेशन मास्तर होऊन गेले. निवृत्त झाल्यावर बहुतेकांनी प्लॉट घेतला, घर बांधलं, शुगर तपासली आणि गप्प बसले. पण निवृत्तीनंतर स्वतःच्या बैठकीतच जंक्शन उघडणारा माणूस भूतलावर एकच, आणि तो माझा थोरला साडू आहे. देवाने मला बायको चांगली दिली, तेव्हा कुठेतरी हिशेब बरोबर करायला साडूभाऊ दिले असावेत.

साडूभाऊ गेम खेळतात. या वयात खेळतात याचं मला काही नाही. पण माणसाने एक मोबाइल घ्यावा, एक गेम लावावा आणि डोळे बिघडवून घ्यावेत, अशी साधी रीत त्यांना मानवत नाही. त्यांच्या बैठकीत एक जुना कॉम्प्युटर आहे. त्यात इम्युलेटर नावाचं सॉफ्टवेअर आहे. हे सॉफ्टवेअर कॉम्प्युटरला पटवून देतं की बाबा रे, तू कॉम्प्युटर नसून मोबाइल आहेस. साडूभाऊंनी त्याला पटवून दिलं आहे की तू एक नव्हे, सात मोबाइल आहेस. त्यामुळे त्या एका पडद्यावर सात खिडक्या उघडतात, सातही खिडक्यांत एकच गेम चालतो, आणि प्रत्येक खिडकीत एक वेगळं गाव असतं. गहू पेरायचा, विहिरीचं पाणी द्यायचं, कापणी करायची, शेजारच्या गावाला पोती पाठवायची. ज्यांच्या घरची पालमला खरीखुरी कोरडवाहू जमीन भाऊ एकटा कसतो, ते हे सगळं पडद्यावर करतात. एकदा भावाने फोनवर विचारलं, "दादा, पेरणीला येतोस का?" तर हे म्हणाले, "न्हाई रे, इकडं माझी कापणी चालू हाय."

सकाळी अंघोळ, लिंगपूजा, कपाळाला भस्म. मग त्यातलंच चिमूटभर कॉम्प्युटरच्या डब्याला. मग टेबल फॅन. हा फॅन माणसांसाठी नाही. भर मे महिन्यात मी त्यांच्याकडे गेलो की घामाने निथळत बसतो, आणि फॅन डब्याला वारा घालत असतो. मी एकदा चाचरत म्हटलं, "जरा इकडे वळवू का?" साडूभाऊंनी माझ्याकडे रुळावर बसलेल्या म्हशीकडे बघावं तसं पाहिलं. "त्याला सात गावं चालवायची हायत. तुमाला काय करायचंय? बसायचंच हाय न्हवं?" मी गणिताचा मास्तर आहे. उत्तर बरोबर असेल तर वाद घालत नाही.

खेळण्याची पद्धत अस्सल रेल्वेची. एका वेळी एका लाईनवर एकच गाडी, तशी एका वेळी एकच खिडकी. दोन खिडक्यांत पाच मिनिटांचं अंतर पाहिजे म्हणजे पाहिजेच. बाजूला लाल जिल्दीचं रजिस्टर. त्यात 'तीन नंबर, गहू कापला, १०.२०' अशा नोंदी. घड्याळ चोवीस तासांचं. अक्का, म्हणजे माझी थोरली मेव्हणी, चहा घेऊन आली तर तीसुद्धा दारात थांबते. "थांब, चार नंबर जाऊ दे," असं म्हणून ते हात वर करतात. चार नंबर जातो, चहा गार होतो, मग चहाला लाईन क्लिअर मिळतं. लाईन क्लिअर म्हणजे पुढच्या स्टेशनच्या मास्तराने दिलेली परवानगी, की आमची लाईन मोकळी आहे, सोडा गाडी. ती मिळाल्याशिवाय साडूभाऊंनी उभ्या नोकरीत गाडी सोडली नाही, आणि त्या घरात घोटभर चहासुद्धा पुढे सरकत नाही.

आणि वेळापत्रक! ते तर त्यांच्या रक्तातच भिनलेलं आहे. अर्धी पूर्णा आजही गाडीची वेळ त्यांनाच विचारते. कुणी मोबाइलवर वेळ बघताना दिसला तर त्यांना तो अपमान वाटतो. "मी जिता हाय अजून," म्हणतात. त्यांनी स्वतः मात्र जन्मात कुणाला गाडीची वेळ विचारली नाही. विचारायची वेळ आली तर ते प्रवासच रद्द करतील, अशी माझी समजूत होती.

आता या सात गावांची कुळकथा. साडूभाऊ निवृत्त झाले तेव्हा घरात येरझाऱ्या घालून त्यांनी अक्काला परेशान केलं. दर वीस मिनिटांनी दुधाच्या पातेल्याची चौकशी. तेव्हा त्यांच्या एकुलत्या एक लेकीने त्यांच्या मोबाइलवर हा गेम टाकून दिला आणि घरच्यांचा एक गट केला. आठ गावं: साडूभाऊ, अक्का, मी, माझी बायको, पालमचा भाऊ, त्याची दोन मुलं आणि लेक स्वतः. गटात आठ गावं असली की गेममध्ये दर सोमवारी दुपारी दोनला जत्रा भरते. एक जरी कमी पडलं तरी जत्रा नाही. आम्ही सगळे पंधरा दिवस खेळलो आणि माणसं जशी सोडतात तसा सोडला. मात्र साडूभाऊंनी कुणाला तसंच जाऊ दिलं नाही. प्रत्येकाकडून पासवर्ड घेतला, रजिस्टरात 'चार्ज घेतला' असं लिहून सही करून घेतली. मीही केली. माझं गाव गेलं म्हणून मी पेढे वाटायचे तेवढे बाकी होते.

सातांचा चार्ज असा त्यांच्याकडे आला. आठवं गाव लेकीचं. ते तिच्याचकडे राहिलं.

लेकीने वडिलांच्याच पावलावर पाऊल ठेवलं होतं. परीक्षा देऊन स्टेशन मास्तर झाली, विदर्भातल्या एका लहानशा स्टेशनावर लागली. साडूभाऊंनी तेव्हा गल्लीत जेवण घातलं होतं. आणि अकरा महिन्यांत तिने राजीनामा दिला आणि नागपुरात बेकरी काढली. पूर्णेत माणूस घर सोडेल, गाव सोडेल, पण रेल्वेची नोकरी सोडत नाही. तिथे त्याला शब्दच नाही. साडूभाऊ फोनवर एकदाच बोलले, "लोक रेल्वेत लागायला नवस करायलेत आन् तू केक करायलीस!" ती म्हणाली, "अप्पा, मला केकच करायचेत." त्यावर दोघांनी फोन ठेवला, तो दोन वर्षं उचलला नाही. अक्काशी ती रोज बोलायची. अप्पांचं नाव दोन्हीकडून निघत नसे.

पण दर सोमवारी, तिची बेकरी बंद असते त्या दिवशी, दोनच्या ठोक्याला आठव्या गावात दिवा लागायचा. लेक जत्रेला यायची. सातही गावं तिला पाच-पाच मिनिटांच्या अंतराने पोती पाठवायची, रामराम करायची. पालमच्या पोरांची गावं म्हणायची 'राम राम ताई'. माझं गाव म्हणायचं 'शुभ सकाळ'. दुपारी दोनला. मी आजवर बायकोलाही शुभ सकाळ म्हटलेलं नाही, पण पडद्यावरचा मी फारच सुसंस्कृत निघालो. फक्त साडूभाऊंचं स्वतःचं गाव गप्प असायचं. ते पोतं पाठवायचं, बोलायचं नाही. सहा जणांच्या नावाने हा माणूस लेकीची खुशाली विचारायचा आणि स्वतःच्या नावाने तोंडात मिठाची गुळणी धरून बसायचा.

गेल्या मे महिन्यात एका रविवारी सकाळी साडूभाऊ आणि अक्का लग्नाला पालमला निघाले. माझ्या शाळेला सुट्टी, म्हणून परभणीहून मला बोलावून घेतलं. मी समजलो घर राखायला. पाहतो तर रजिस्टर उघडून ठेवलेलं. 'चार्ज दिला' खाली त्यांची सही, 'चार्ज घेतला' खाली माझी जागा. पडद्याच्या कोपऱ्यात लाल चिकटपट्टीचा तुकडा डकवलेला, आणि रजिस्टरात पहिला नियम: 'लाल पट्टी काढू नये.'

"का काढू नये?" मी विचारलं.

"लाल हाय म्हणून," साडूभाऊ म्हणाले. त्यांच्या मते स्पष्टीकरण संपलं होतं.

अक्का पायरीवर चपला घालताना हळूच म्हणाली, "भाऊजी, आमी उद्या दुपारपोत्तर येतोच. पर एसटीचा काय भरोसा न्हाई. जत्रा तेवढी मोडू देऊ नका. लेक तेवढ्यासाठीच येते, आन् हे तेवढ्यासाठीच बसतेत."

रविवार मी इमानदारीने काढला. एक खिडकी, पाच मिनिटं, दुसरी खिडकी, पाच मिनिटं. सोमवारी सकाळी मात्र माझ्यातला गणिताचा मास्तर जागा झाला. सात कामं एकसारखी असतील तर ती सातदा का करायची? मी पट्टी काढली. खाली एक बटण होतं. ते दाबलं की एका खिडकीत केलेलं काम सातही खिडक्यांत आपोआप होतं. एका क्लिकमध्ये सात गावांचा गहू कापला गेला! या माणसाला ही सोय दोन वर्षं समजली नाही, म्हणून मला जी दया आली, ती आठवली की आजही कानशिलं तापतात.

काम संपलं. वेळ उरला. आणि रिकामं डोकं माझ्या गावाच्या खिडकीकडे वळलं. माझ्या नावाने कुणीतरी जगाला शुभ सकाळ घालतंय, हे मला किती दिवसांपासून खुपत होतं. म्हटलं, आज राजीनामा देऊ आणि साडूभाऊंची थोडी जिरवू, दोनच्या आत पुन्हा आत येऊ. 'गट सोडा' दाबलं. गेमने विचारलं, नक्की? मी म्हटलं, नक्की.

सातही गावं गटातून बाहेर पडली.

बटण चालूच होतं. गटात आता एकच गाव उरलं होतं, लेकीचं, आणि गटाची सरपंचकीही आपोआप तिच्याकडे गेली होती. आता तिने परवानगी दिल्याशिवाय कुणी आत जाऊ शकत नव्हतं. घाबरून मी परत अर्ज केला. एका क्लिकमध्ये, एकाच सेकंदाला, सातांचे सात अर्ज. तेव्हा कुठे त्या पाच मिनिटांच्या अंतराचा अर्थ माझ्या डोक्यात शिरला. सात वेगळी माणसं सात वेगळ्या वेळी येतात. एकाच वेळी सातही पावलं वाजली तर आत एकच माणूस आहे हे कुणीही ओळखेल.

साडूभाऊ आणि अक्का एक वाजता आले. मी सगळं सांगितलं. ते ओरडले असते तर बरं झालं असतं. त्यांनी टोपी काढून रजिस्टरावर ठेवली. "सगळ्या गाड्या एकदम सोडल्या तुमी," एवढंच म्हणाले. मग खुर्चीत बसले. "आता तिला कळलं की इथं कोणीच न्हाई. मी एकटाच हाय."

"मग कळू द्या की," अक्का म्हणाली.

"ती नाराज हाय माझ्यावर. सगळी येतात म्हणून येत होती. एकट्या माझ्यासाठी कशाला येईल?"

मला तोंड लपवायला जागा नव्हती. एक ते दोन हा तास आम्ही तिघं त्या पडद्यासमोर बसून होतो. कुणी जेवायचं नाव काढलं नाही. दोन वाजले, दिवा लागला नाही. दोन वाजून एक, दोन, तीन मिनिटं झाली. साडूभाऊंची गाडी आयुष्यात उशिरा धावली असेल, पण असा चेहरा मी त्यांचा पाहिला नव्हता. दोन वाजून पाच मिनिटांनी आठव्या गावात दिवा लागला. सात अर्जांवर एकामागून एक हिरवी खूण उमटली आणि खाली मजकूर आला:

'लाईन क्लिअर. अप्पा, एकेक करून या. परभणीच्या काकांच्या गावानं "शुभ सकाळ, १४.१०" लिहिलं तवाच मी ओळखलं होतं. दुपारी शुभ सकाळ म्हणून वर टाइम टाकणारं आपल्या घरात कोण हाय दुसरं? १४.०५'

साडूभाऊंनी तो तीनदा वाचला. अक्का पदराने डोळे पुसत म्हणाली, "आता तरी फोन लावा." ते मान हलवत म्हणाले, "न्हाई. फोनवर आवाज ऐकू येतो." आणि खरंच, त्यांचा आवाज तेव्हा ऐकवत नव्हता.

त्यांनी ते बटण बंद केलं. लाल पट्टी उचलून पुन्हा जागेवर चिकटवली. मग सात खिडक्यांतली स्वतःची खिडकी उघडली, दोन वर्षं गप्प असलेली, आणि एका बोटाने टाइप करायला लागले. 'आलो' लिहिलं. थांबले. मग बराच वेळ लावून, एकेक अक्षर शोधत, पुढचं वाक्य लिहिलं. मी मागून वाचलं, आणि मला माझ्या डोळ्यांवर विश्वास बसेना.

'नागपूरला यायला कोणती गाडी सोयीची पडेल? १४.१२'

मी उठलो आणि टेबल फॅन त्यांच्याकडे वळवला. त्यांनी तो तसाच राहू दिला.