भट्टीखालचा गोळा

कुदळ दगडावर वाजते तशी वाजली नाही. बद्द आवाज आला. मी हातानं भट्टीखालची माती उकरली, तर अंगठ्याएवढा पिवळा गोळा.

कोलकात्याच्या बहूबाजारातलं दुकान आम्ही रिकामं करत होतो. आमचा धंदा गलाईचा, म्हणजे सोनारांचं जुनं सोनं वितळवून शुद्ध करायचं. सोन्याचे कण जमिनीत मुरतात, म्हणून दुकान सोडताना गलाईवाला खालची मातीही खणून गाळतो.

हा गोळा कुठला, ते मला लगेच कळलं.

बावीस वर्षांपूर्वी याच भट्टीवर माझा मेव्हणा सोपान बसायचा. एका दुपारी सोनं कमी भरलं. मूस, म्हणजे सोनं वितळवायचं भांडं, तळाला तडकली होती. सोपान सांगत होता, खाली गळलंय, भट्टी उकरा. शेठ आमच्याच विट्याकडचे. सणाचं काम अंगावर होतं. भट्टी थंड करायला तयार नव्हते. वरून लिंपण करून तशीच चालू ठेवली आणि सगळ्यांदेखत त्याला चोर म्हणाले. मी शेजारीच उभा होतो. नोकरी जाईल म्हणून तोंड उघडलं नाही. संध्याकाळी सोपान चहाला म्हणून बाहेर पडला, तो आलाच नाही. पोलिसांनी हावडा, शियालदा ही स्टेशनं बघितली आणि सोडून दिलं.

गाव म्हणालं, पळाला म्हणजे चोरच. माझी बायको शालन, त्याची बहीण. ती यात्रेला माहेरी गेली की बायका गळ्यातलं पदराखाली झाकायच्या. पुढं तिनं जाणंच सोडलं. या श्रावणात ती वारली. शेवटपर्यंत विचारायची, "तुम्ही तरी का नाही खणलंत?"

शेठही आता नाहीत. त्यांच्या मुलाला न्यू टाउनहून बोलावलं. गोळा तराजूत टाकला. त्या दिवशी जेवढं कमी होतं, तेवढाच भरला.

"काका, जुनं झालं ते. अर्धं तुम्ही ठेवा."

"सोनं नको मला. सोपाननं चोरी केली नव्हती, असं लिही. खाली सही कर."

"कोण वाचणार आता?"

"मी वाचीन. देवळासमोर."

त्याला मराठी लिहिता येईना, इथंच वाढलेला. मग मी, चौथी नापास माणूस, एकेक अक्षर काढून दिलं. त्यानं बघून उतरवलं.

सोपानच्या गावच्या यात्रेत माईकवर वाचलं. खाली उतरलो तर एकजण म्हणतो, आम्हाला कधी तसं वाटलंच नव्हतं. त्याच्या बायकोनं सगळ्यात आधी पदर ओढला होता.

सोपान अजून सापडलेला नाही.

नव्या जागेत मी कारागिरांना बजावलंय, मूस तडकली की आधी भट्टी उकरायची, माणसाला नंतर विचारायचं. नियम जुनाच आहे. तेव्हा मलाही माहीत होता.