लोचिनचा सुखाचा हिवाळा

लोचिन घोड्यावर बसला की देखणा दिसे, म्हणून तो सहसा खाली उतरत नसे. या धाकट्या दिराबद्दल यानजिमाचं मत एवढंच होतं.

त्या माळावर झाड नाही. थंडीत चूल पेटते ती रानशेणींवर, आणि त्या उन्हाळाभर वाकून वेचाव्या लागतात. पाठीवर टोपलं घेणं बायकांचं काम, असं लोचिन म्हणे. त्याची बायको दोन उन्हाळे ते करून माहेरी गेली ती परतलीच नाही. तेव्हाही तो खोगिराची चांदी घासत बसला.

मग शरदात तो सांगत आला, की वेचायची कटकटच मिटली. मेंढरांच्या हिवाळी वाड्याची जमीन त्याने खणून काढली होती. आज्या-पणज्यांच्या मेंढरांच्या लेंड्या तिथे थरावर थर दाबून बसलेल्या. कुदळीने विटांसारख्या निघाल्या, आणि जळतातही छान, म्हणे. दूध ढवळणारा यानजिमाचा हात थांबला. त्या थराच्या उबेवरच मेंढरं हिवाळा काढतात. नुसत्या गोठल्या जमिनीवर बसलेली मेंढी सकाळी उठत नाही, हे माळावरच्या शेंबड्या पोरालाही कळतं.

"पलंग जाळून अंथरूण ऊबदार केलंस," ती म्हणाली.

तो हसला. कौतुक वाटलं असावं.

पहिल्याच कडाक्यात तो कळप हाकत तिच्या तंबूशी आला. मेंढरं तुझ्या वाड्यात घे, हे त्याच्या ओठांवर होतं. पण आलेल्या माणसाला आधी विचारायचं असतं, ते तिने विचारलं.

"हिवाळा सुखाचा चाललाय ना?"

याला उत्तर एकच. घरात मढं असलं तरी एकच.

"सुखाचा," लोचिनच्या तोंडून निघून गेलं.

बरं झालं, म्हणत तिने खारा चहा ओतला. तो वाडगा फिरवत राहिला. मदत मागायची तर आत्ताच उच्चारलेला शब्द गिळायला हवा, आणि मटणाखेरीज काही गिळायची त्याला सवय नव्हती. शेवटी टोपी उचलून तो बाहेर पडला.

मेंढरं होती तिथे नव्हती. यानजिमाच्या वाड्यात, तिच्या मेंढरांच्या अंगाला अंग लावून, ती उबेवर बसली होती. त्याने हाकलून पाहिलं. एकही उठलं नाही.

"राहू दे त्यांना," यानजिमा दारातून म्हणाली. "तुमच्या घरात अक्कल त्यांनाच आहे."

"आणि मी, वहिनी?"

"तुझं काय? तुझं सुखाचं चाललंय की."

तिने दाराचा पडदा सोडला. लोचिन घोड्यावर बसला. दिसत मात्र देखणा होता.