भिवाजीची चाल

कडावचा भिवाजी इतका सावकाश चालायचा, की पुढे गेलेली बैलं थांबून मागे बघायची. बायको सुंदरा जन्मभर ओरडली, "पाय उचला की हो!" त्याने काही उचलले नाहीत. एका आषाढात तापाने गेला. तेवढं मात्र दोन दिवसांत उरकलं.

त्याआधीच्या मळणीला तंबूत हलती चित्रं दाखवणारा एक तंबूवाला खळ्यावर येऊन गेला होता. तीन पायांवर पेटी उभी केली आणि तिचा दांडा फिरवत खळ्यावरच्या माणसांची चित्रं घेत बसला. आपलीच माणसं पडद्यावर हलताना दिसली की तंबू भरतो, हे त्याला पक्कं ठाऊक. भिवाजी गेल्यानंतरच्या माघात त्याने कर्जतच्या बाजारात तंबू ठोकला. त्यात भिवाजी दिसतो असं कानावर आलं, तशी सुंदरा भाकरी तव्यावर टाकून निघाली. एकदा, फक्त एकदा तिला ती चाल बघायची होती.

पडदा उजळला. खळं, बैलं, आणि मागे भिवाजी. पण कसा? हुसकलेल्या कोंबडीसारखा तुरुतुरु! तंबू हसून लोळला. शेजारीण सोनाबाई डोळे पुसत म्हणाली, "अगं सुंदरे, मेल्यावर बरा धावाय लागला गं!"

सुंदरा उठली ती थेट मागे, दिव्याच्या पेटीचा दांडा फिरवणाऱ्या तंबूवाल्यापाशी.

"ह्यो माजा मानूस नाय."

"तोच आहे, बाई. खेळ लवकर उरकावा म्हणून जोरात फिरवतो. फारच हळू फिरवलं तर दिव्याने फिल्लम जळेल."

"मंग जात्यावानी फिरव की. जोरात वढलं तर दाना सांडतो, हळू वढलं तर जातं जड व्हतं. आमाला काय शिकवतोस? लाव परत, आन् सर तिकडं."

त्याने फिल्लम परत चढवली. सुंदराने त्या पेटीचा खुंटा धरला.

चाळीस वर्षं पहाटे दळण दळलेला हात तो. दोन फेऱ्यांत त्याला अंदाज आला. पडद्यावरची बैलं बैलांसारखी चालू लागली. मागून भिवाजी आला. मध्येच थांबला. मुंडासं सोडलं, झटकलं, पुन्हा बांधायला घेतलं. बैलं पुढे गेली, थांबली, त्यांनी मागे बघितलं. त्याचं आपलं बांधणं चालूच. तंबूत आता कुणी हसत नव्हतं.

"पाय उचला की हो!" सुंदराच्या तोंडून गेलंच.

हात मात्र तिने जराही जोरात चालवला नाही.