दाईची दमणी

आमच्या भागात संक्रांत सरली की गावोगावी शंकरपट भरायचे. बैलजोडी हलक्या छकड्याला जुंपून पळवायची आणि जिंकणाऱ्या धुरकऱ्याने, म्हणजे बैल हाकणाऱ्याने, महिनाभर मिशीला पीळ देत हिंडायचं, असा तो प्रकार. सत्तरचं दशक सरत आलं होतं. वर्ध्याकडच्या सिंदी रेल्वे स्टेशनपासून थोडं आत आमचं गाव, आणि त्या गावात पटाचं सगळ्यात मोठं वेड माझ्या थोरल्या भावाला. मिशी नुकती कुठे फुटत होती, पण पीळ आधीच तयार होता. बैलांना वेग यावा म्हणून त्याने एक युक्ती काढली होती. सरावाच्या वेळी त्याचे मित्र मागून पितळी थाळी बडवायचे आणि ती ऐकली की बैल जीव घेऊन सुटायचे. थाळी अर्थातच आमच्या घरची. आई रोज ओरडायची आणि हा रोज नवी शपथ घ्यायचा.

एका दुपारी शेतांमधल्या अरुंद पांदणीत थाळी वाजली, बैल उधळले आणि वळणावर समोर गावची दाई आली. कुणाच्या तरी बाळाला न्हाऊ घालून ती परतत होती. छकड्याचं चाक तिच्या पायावरून गेलं. वर्ध्याच्या दवाखान्यात पाय वाचला, पण गुडघा कायमचा आखडला. आमच्या गावातली निम्मी माणसं तिच्या हातावर जन्मली होती, त्यात मी होते आणि माझा भाऊही. आता तिला काठीशिवाय स्वतःचं अंगण ओलांडता येईना. वडिलांनी तिच्याकडे गव्हाचं पोतं पाठवलं, ते तिने तसंच परत धाडलं.

मग एक दिवस पोलीस पाटील तिच्या ओट्यावर येऊन बसले. वडील आणि भाऊ खाली उभे होते. आईच्या मागे मीही गेले होते.

‘‘तू म्हणशीन तसं होईन, बाई,’’ पाटील म्हणाले. ‘‘रपट दे म्हणलं त उद्याच ठाण्यात जातो. पोरगा आत जाईन.’’

भावाचा चेहरा पांढराफटक पडला होता. दाईने त्याच्याकडे पाहिलं.

‘‘हा जेलात बसन, अन् मी घरात बसीन,’’ ती म्हणाली. ‘‘मंग बायायकडं कोण जाईन? माहा पाय यानं मोडला, आता यानंच माहा पाय व्हावं. जिथून बोलावणं येईन तिथं यानं मले न्यावं अन् माघारी आणावं. त्याच बैलायनं. ज्या दिवशी नाई म्हणन, त्या दिवशी रपट देजा.’’

पाटलांनी भावाला विचारलं. त्याने मान डोलावली.

मला तिचा भयंकर राग आला. ऐन पटाच्या मोसमात पळणारे बैल दमणीला, म्हणजे माणसं न्यायच्या गाडीला, जुंपायचे आणि बायकांच्या दारात उभे करायचे, यापेक्षा दंड केला असता तर बरं, असं मला वाटलं. गावातल्या पोरांनी तर त्याची पार टर उडवली. ‘‘का हो धुरकरी, यंदा कोणाच्या बाळंतपणाचा पट हाय?’’ असं ते विचारायचे आणि तो ओठ चावून पुढे जायचा. दाई दमणीत बसली की त्याच्याशी बोलायची नाही. चाल आणि थांब, एवढेच दोन शब्द.

पहिल्याच फेरीत फजिती झाली. पलीकडच्या खेड्यात एका घरी मुलगा झाला. मुलगा झाला की थाळी वाजवायची, ही आमच्याकडची रीत. बोलावणाऱ्यांना ती ठाऊक, दाईला ठाऊक, भावाला ठाऊक. पण बैलांना थाळीचा दुसराच अर्थ शिकवलेला आहे, हे कुणाच्याच ध्यानात आलं नाही. बाळाच्या आजीने थाळीवर पळी मारली आणि बैल रिकामी दमणी घेऊन जे सुटले ते थेट आमच्या अंगणात येऊन थांबले. आई धावत बाहेर आली. मागून बऱ्याच वेळाने भाऊ आला, दाईला पाठीवर घेऊन, अख्ख्या गावाच्या देखत.

मी पोट धरून हसले. तो हसला नाही. तिला घरी सोडून आल्यावर ओट्यावर बसून राहिला.

‘‘थाळी वाजली तवा ते अशी कापून राह्यली होती,’’ तो म्हणाला. ‘‘पाठीवर घेतली तरी कापतच होती. बैलायले आठवते, त तिले नाई आठवनार का?’’

माझं हसू तिथेच विरलं आणि दाईवरचा रागही.

त्यानंतर ज्या घरी जाईल तिथे तो आधीच हात जोडायचा, थाळी वाजवू नका म्हणून. म्हाताऱ्या बायका कुरकुरायच्या, मुलगा काय मुकाट्याने जन्माला घालायचा का, म्हणायच्या. पण ऐकायच्या. आईने आमची थाळी कापडात गुंडाळून पेटीच्या तळाशी टाकली. भाऊ मात्र गोठ्यात बैलांना सरकीची ढेप घालताना दुसरी एक जुनी थाळी बोटांनी हळूच वाजवायचा. रोज थोडी मोठ्याने. बैल कान टवकारायचे, थरथरायचे, मग पुन्हा ढेपेत तोंड घालायचे. पटावर तो नंतर कधी गेला नाही. त्याने कशाला नाही म्हटलं नाही, त्यामुळे रपटीचा विषयही पुन्हा निघाला नाही. दाईचं बोलणं मात्र चाल आणि थांब यापुढे सरकलं नाही. त्याला त्याचं वाईट वाटायचं, मला दिसायचं.

पुढे माझं लग्न आर्वीकडे झालं आणि पहिल्या बाळंतपणाला मी माहेरी आले. सकाळी कळा सुरू झाल्या. भाऊ दमणी घेऊन गेला आणि दाईला घेऊन आला. त्या अपघातानंतर आमच्या घरात तिचं ते पहिलं पाऊल. दिवस कलायच्या आत माझी मुलगी झाली.

‘‘थाळी कुठं हाय?’’ हात धुता धुता दाईने विचारलं.

आई गोंधळली. ‘‘पोरगी हाय ना, माय.’’

‘‘मंग का झालं? काढा. अन् याच्या हाती द्या.’’

आईने पेटीच्या तळातून थाळी काढली. दाराबाहेर उभ्या असलेल्या भावाने ती घेतली, पण हात काही उचलला नाही.

‘‘बैल जुपलेलेच हायेत, माय,’’ तो म्हणाला.

‘‘बैलायचं तू पाह्यलं,’’ दाई म्हणाली. ‘‘माह्यं मी पाहीन. वाजव.’’

ती माझ्या बाजेवर टेकली होती आणि माझं मनगट तिने धरलं होतं. पहिल्या ठोक्याला तिची बोटं इतकी रुतली की मी ओरडायचीच बाकी होते. अंगणात बैलांनी माना वर केल्या. दमणी जागची हलली नाही. दुसरा ठोका पडला, तिसरा पडला. दाईच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते तिने पुसलं नाही. ते पाहून भावाचा हात थांबला.

‘‘काऊन थांबला रे, बाबू?’’ ती म्हणाली. ‘‘वाजव अजून.’’