रुसलेली बॅच

रसायनशास्त्राच्या पुस्तकात ‘इंडक्शन पिरिअड’ या शब्दाला तीन ओळी मिळतात. मराठीत त्याला प्रवर्तन काळ म्हणतात, पण कारखान्यात तसं बोलणारा माणूस मला अजून भेटलेला नाही. एम.एस्सी.ला मी ती व्याख्या पाठ केली, पेपरात लिहिली, शेजारी आलेख काढला आणि विसरून गेले. आता हा शब्द कुणी नुसता उच्चारला तरी मी हातातलं काम खाली ठेवते.

अर्थ काही अवघड नाही. भांड्यात मॅग्नेशिअमचा किस आहे, त्यावर ईथरसारखा पेट घेणारा सॉल्व्हंट आहे, आणि वरून थोडा ब्रोमाइड सोडला आहे. ढवळणं चालू आहे आणि काहीही होत नाही. तापमानाचा आकडा जागचा हलत नाही. बघणाऱ्याला वाटतं, बॅच मेली. ती मेलेली नसते. मॅग्नेशिअमच्या अंगावर ऑक्साइडची कातडी असते, सॉल्व्हंटमध्ये हवेतलं थोडं पाणी शिरलेलं असतं, ते आधी संपावं लागतं. त्याला पाच मिनिटं लागतात, कधी पाऊण तास. मग प्रक्रिया आपली आपण पेटते आणि स्वतःच्याच उष्णतेने पळत सुटते. म्हणून नियम एकच: ती सुरू झाल्याची खात्री होईपर्यंत वरून आणखी काही सोडायचं नाही. सोडलेला थेंब न थेंब आत जमून राहतो आणि सुरुवात झाली की सगळा हिशेब एकदम मागतो.

आमच्या वसई पूर्वेच्या गाळ्यात हा शब्द चालत नव्हता. तिथे म्हणत, बॅच रुसली. हे म्हणणं आमच्या ऑपरेटरचं. जूचंद्रचे गृहस्थ, पन्नाशी उलटलेले, आधी मिठागरात काम केलेले, आणि माझ्या जन्माआधीपासून केमिकलमध्ये असलेले. मी त्यांना काका म्हणायची. पॅनेलवर तापमानाचा लाल आकडा ठळक दिसत असला तरी काका त्याच्याकडे ढुंकूनही पाहायचे नाहीत. भांड्याच्या मानेवर, वाफ वर जाते त्या पाइपाला, उजव्या हाताचा तळवा टेकवून उभे राहायचे. ग्लोव्ह काढून. आकड्याच्या आधी दोन मिनिटं त्यांना कळायचं. “जागी झाली,” म्हणायचे, आणि खरोखरच आकडा सरकायला लागायचा. मी सुरुवातीला ग्लोव्हवरून त्यांना खूप झापलं. मग गुपचूप घड्याळ लावून पाहिलं, तेव्हा झापणं सोडून दिलं.

त्याच हाताने ते रांगोळी काढत. त्यांच्या गावात रांगोळी म्हणजे दारापुढचे चार ठिपके नव्हेत. माणसाचा चेहरा असा काढतात की डोळ्यातलं पाणीसुद्धा दिसावं. काकांची खासियत म्हाताऱ्या बायकांच्या सुरकुत्या. अंगठा आणि दोन बोटांतून रंग इतका बारीक सोडत की एकेक सुरकुती केसाएवढी उतरे. नवरात्रात मी एकदा ते पाहायला गेले होते आणि दोन तास उभी राहिले होते.

आता माझ्याबद्दल. मी वसईच्या किनाऱ्याकडच्या वाडीवाल्या घरातली. केळी आणि पानवेली होत्या तोवर वडील वाडी करत, आणि त्यांचा हात चाले. पानवेल नीट बांधली नाही, फाट्! उत्तर द्यायला उशीर, फाट्! भावाच्या कानाचा पडदा त्यांनीच फाडला. पण त्यांचा राग आला तसा जायचा. मारून झालं की पाच मिनिटांनी हाक मारून पिकलेलं केळं द्यायचे, आणि आम्ही ते खायचो, कारण केळं गोड असायचं. त्यांचा हात माझ्या जिभेत आला. मला वाट बघता येत नाही. कारखान्यात मी ओरडते, फाइल आपटते, एकदा स्पॅनर फेकला होता, कुणाला लागला नाही हे नशीब. लोक म्हणत, मॅडम तोंडाने फटकळ पण मनाने चांगली. हे ऐकून मी खूश व्हायची. फटकळपणाची किंमत आपल्याला मोजावी लागत नाही तोवर तो गुणच वाटतो.

त्या दिवशी श्रावणातली दमट हवा होती. भिंतींना घाम. जेवणाच्या सुट्टीत बाकीची माणसं बाहेर टपरीवर गेली होती. भांड्यापाशी आम्ही दोघंच. पहिला ब्रोमाइड सोडून चाळीस मिनिटं झाली होती. आयोडीनचे दोन खडे टाकले होते, त्याचा तपकिरी रंग जायला हवा होता, तो तसाच. मी भांड्याच्या झाकणातल्या काचेतून चारदा पाहिलं. तेवढ्यात शेठचा फोन, माल कधी, गाडी उभी आहे. मी त्यांनाही दोन शब्द सुनावले, आणि तो राग घेऊन काकांकडे वळले.

“सोडा अजून,” मी म्हटलं.

त्यांचा तळवा पाइपावर होता. “थांबा मॅडम. रुसलीय. मेलेली नाय.”

“चाळीस मिनिटं झाली.”

“हवेत पानी किती हाय बघा. घेल वेल. आयोडीनचा रंग बघा, तसाच हाय.”

रंग मलाही दिसत होता. माझ्या हातातल्या बॅच शीटवर नियम मीच टाइप केला होता, ठळक अक्षरात. तरीही मी क्लिपबोर्ड रेलिंगवर आपटला. त्याची क्लिप तुटून खाली सिमेंटवर उडाली. आणि पाच वर्षांत एकदाही केलं नव्हतं ते केलं. त्यांना अरेतुरे केलं.

“सोड म्हणते ना! केमिस्ट तू आहेस की मी?”

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. “थांबा बोलतंय मी,” एवढं पुन्हा एकदा म्हणाले. मग हात पाइपावरून काढला आणि वरच्या टाकीचा व्हॉल्व्ह उघडला. मी उभी राहून पाहत होते. अर्धी टाकी जाईपर्यंत मी बंद करा म्हटलं नाही. फोन परत वाजला म्हणून मी दाराकडे सरकले. त्या दहा पावलांमुळे मी आज धडधाकट आहे.

आधी आवाज आला तो ढवळणीचा. गरगर फिरणारं पातं अडखळल्यासारखा. मी मागे पाहिलं तर आकडा पस्तीस होता, मग पन्नास, मग मला वाचताच येईना. काचेतून आतलं काही दिसत नव्हतं, नुसता करडा फेस आपटत होता. काका ओरडले, “भाग!” त्यांनीही मला अरेतुरे केलं, आणि ते बरोबरच होतं. डाव्या हाताने त्यांनी भांडं गार करणाऱ्या ब्राइनचा, म्हणजे थंड खाऱ्या पाण्याचा, व्हॉल्व्ह फिरवला आणि उजवा हात भांड्याच्या झाकणावरून पलीकडे घातला, ब्रोमाइड बंद करायला. झाकणाच्या कडेची गॅस्केट तिथेच फुटली.

वाफेची ती शिट्टी अजून माझ्या कानात आहे. शिट्टी, आणि लगेच धप्प. ज्वाळा छताच्या पत्र्याला लागली आणि पत्र्यावरून पसरून खाली आली. काका तिच्यात होते. ते ओरडले नाहीत. ओरडायला श्वास घ्यावा लागतो. त्यांचा शर्ट पाठीवरून सुटून पडताना मी पाहिला. हात तरीही व्हॉल्व्हवर होता आणि तो फिरवत होता, आणि व्हॉल्व्ह बंद झाल्यावरच तो हात निघाला, पण सगळा निघाला नाही. शेजारच्या गाळ्यातला एकजण पाण्याची बादली घेऊन धावत आला. मॅग्नेशिअमवर पाणी पडलं असतं तर आम्ही तिघंही उरलो नसतो. मी त्याच्या तोंडावर बुक्की मारली. त्याचा ओठ फाटला, बादली सांडली, आणि मी वाळूची गोणी ओढत आत गेले. सुक्या पावडरचा सिलिंडर कुणी आणला, आग कधी विझली, मला सांगता येत नाही. काकांना मी काखेत धरून बाहेर ओढलं तेव्हा माझ्या तळहाताला जे लागलं ते कापड नव्हतं.

ते वाचले. चेहरा डाव्या बाजूने वाचला. उजव्या हाताची तीन बोटं तळव्याकडे वळून चिकटली ती चिकटलीच.

चौकशीसाठी अहवाल लिहायचा होता. शेठचं म्हणणं सरळ होतं: ऑपरेटरने जास्त माल सोडला, असं लिहून टाका. मी बाणेदारपणे नाही म्हटलं. गरीब माणसावर ढकलणार नाही, असंही म्हटलं. आणि मग मी लिहिलं: ‘दमट हवामानामुळे इंडक्शन पिरिअड अनपेक्षितरीत्या लांबला व संचित ब्रोमाइडमुळे प्रक्रिया अनियंत्रित झाली.’ सगळं खरं. एकही शब्द शास्त्राला सोडून नाही. फक्त त्या वाक्यात माणूस नव्हता. ब्रोमाइड संचित झाला, जणू पावसाचं पाणी खड्ड्यात साचावं. चौकशीला आलेल्या साहेबांनी मान हलवली, सही झाली. मला त्या रात्री झोपही लागली, हे सांगायची लाज वाटते.

मग मी दर रविवारी जूचंद्रला जायला लागले. फळं घेऊन. काका ओटीवर बसलेले, हात मांडीवर. त्यांच्या बायकोला मी काकी म्हणायची. उंच, काटक बाई, फारसं न बोलणारी. “बाय, चा घे,” एवढंच म्हणायची आणि कप पुढ्यात ठेवून भिंतीला टेकून उभी राहायची.

तिसऱ्या रविवारी काकांनी विचारलं, “मॅडम, मना सांगा, व्हॉल कोनी खोलला?”

मला वाटलं ते मला पकडतायत. तसं नव्हतं. डॉक्टर म्हणाले होते असं होतं. अपघाताआधीची पंधरावीस मिनिटं त्यांच्या डोक्यातून पुसली गेली होती. डबा खाल्ला ते आठवत होतं, आणि मग थेट दवाखान्याचा पंखा. मधलं काही नाही.

मी म्हटलं, “काका, इंडक्शन पिरिअड लांबला.”

“तो तं लांबतोच. पन सोडला कोनी? माजाच हात होता ना थय?”

“हवा दमट होती,” मी म्हटलं.

दर रविवारी हेच. ते विचारत, मी तो शब्द पुढे करत असे. आणि दर रविवारी ते थोडे आणखी खाली जात. तीस वर्षं मी अशी चूक केली नाही, म्हणायचे. मग म्हणायला लागले, केली असेल. वय झालं. हाताला कळलं नसेल. एकदा मी पोचले तेव्हा काकी त्यांना घरातच सुनावत होती, दाराबाहेर ऐकू येत होतं: “तुलाच घाई! सगला गाव सांगतंय, यानी जास्ती सोडला. हात गेला तो गेला, नाव पन घालवलंस!” मी आत शिरल्यावर ती चहा ठेवायला गेली. मी तो चहा प्यायले.

नवरात्र आलं. गावात रांगोळ्या पडायला लागल्या. त्या रविवारी काका ओटीवर नव्हते, मागच्या अंगणात होते. त्यांनी डाव्या हाताने एका बाईचा चेहरा काढायला घेतला होता. नाक जमलं होतं. सुरकुती काढताना रंग भसकन सांडला, आणि त्यांनी ती वळलेली उजवी मूठ जमिनीवर आपटली. एकदा नाही, पाच-सहा वेळा, नव्या कातडीतून रक्त येईपर्यंत. काकी त्यांचा हात धरायला धावली तर तिला ढकललं. “ह्याच हातानी केला ना!” ते ओरडत होते. “ह्याच हातानी! तोड हा, तोड!”

मी त्यांच्यासमोर मातीत बसले.

“मी सांगितलं तुम्हाला सोडायला,” मी म्हटलं. “तुम्ही नको म्हणत होता. आयोडीनचा रंग तसाच होता, मलाही दिसत होता. मी ओरडले, तुम्हाला अरेतुरे केलं, म्हणून तुम्ही सोडला. आग लागल्यावर तुम्हीच बंद केला. हात त्यात गेला. अहवालात मी हे लिहिलं नाही. उद्या लिहून देते.”

काकी माझ्या बाजूला उभी होती. ती काय करते आहे ते मी पाहिलं नाही, म्हणून चेहरा वळवता आला नाही. तिने हात पूर्ण मागे नेऊन मारलं. वडिलांनी कधी तसं मारलं नव्हतं. मी कुशीवर पडले, रांगोळीतच, तोंडात रंग आणि रक्त. तिने दुसऱ्यांदा मारलं, तिसऱ्यांदा मारलं, तोंडाने एक शब्द न काढता, आणि मी हात वर केला नाही. चौथ्यांदा तिचा हात वर गेला तेव्हा काका म्हणाले, “थांब गं.”

त्यांना तिला थांबवायचं होतं की नीट ऐकायचं होतं, मला माहीत नाही. ते माझ्याकडे वाकले होते.

“मी थांबा बोललो व्हतो?”

“हो.”

“कितीदा?”

“दोनदा.”

ते उठले. रक्ताळलेली मूठ छातीशी धरून कुडापाशी गेले आणि शेजाऱ्याला हाक मारली. शेजारी बाहेर येईपर्यंतही त्यांना दम नव्हता.

“अरे, ऐकलास काय? मी थांबा बोललो व्हतो! दोनदा बोललो व्हतो मी!”